परवानगी फक्त अभ्यासापुरती

सोन्याची लांब, बारीक साखळी आणि तिच्या टोकाला चिमुकलं वाळूचं घड्याळ. ते गळ्यात घालायचं, झग्याच्या आत लपवायचं, आणि गरज पडली की उलटं फिरवायचं. तीनदा फिरवलं की माणूस तीन तास मागे जातो. हॅरी पॉटरच्या कथामालिकेत १९९९ साली आलेल्या तिसऱ्या पुस्तकात हे ‘टाइम-टर्नर’ पहिल्यांदा दिसलं. तेव्हापासून वाचकांनी त्याच्यावर भरपूर खल केला आहे. मागे गेलेला माणूस तिथं स्वतःलाच भेटला तर काय होईल, घडून गेलेलं बदलता येतं का, मग आधीच जाऊन खलनायकाला का नाही अडवलं, वगैरे. हे प्रश्न रंजक आहेत आणि मुलं त्यांत तासन्‌तास रमतात.

माध्यमिक शाळेत वीसेक वर्षं मराठी शिकवणारी बाई म्हणून मला त्या घड्याळाबद्दल वेगळंच विचारावंसं वाटतं. ते कुणाच्या हातात दिलं, कशासाठी दिलं, आणि देताना अट काय घातली?

ज्यांनी पुस्तक वाचलेलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. हर्मायनी नावाची मुलगी तेरा पूर्ण करून चौदाव्याच्या उंबरठ्यावर आहे. जादूच्या शाळेत तिसऱ्या वर्षापासून ऐच्छिक विषय सुरू होतात, त्यांतले काही निवडायचे असतात. ही सगळेच घेते: भविष्यकथन, अंकविद्या, प्राचीन लिपी, जादुई प्राण्यांची निगा, आणि जादू न येणाऱ्या माणसांचा अभ्यास. हा शेवटचा विषय तिला खरं तर शिकायची गरजच नाही, कारण तिचे आईवडील तसलेच, साधे दंतवैद्य आहेत. पण तिला तेही जादूगारांच्या नजरेतून बघायचं आहे. तिच्या वेळापत्रकात सकाळी नऊ वाजता एकाखाली एक असे तीन तास लिहिलेले आहेत. मित्र विचारतो, तिन्ही वर्गांत एकाच वेळी कशी बसणार? ती सांगते की, प्रोफेसर मॅक्गोनॅगल बाईंशी बोलून सगळं जमवलं आहे.

बाईंनी खरंच जमवलेलं असतं. त्यांनी जादू मंत्रालयाला पत्रावर पत्रं लिहून ते घड्याळ मिळवलं आहे. मुलगी आदर्श विद्यार्थिनी आहे आणि अभ्यासाखेरीज दुसऱ्या कशासाठीही ते वापरणार नाही, अशी हमी त्यांनी दिली आहे. मुलीकडून शपथ घेतली आहे की, हे कुणालाही, अगदी जवळच्या मित्रांनाही सांगायचं नाही. सत्राच्या पहिल्या दिवशी बाईंच्या खोलीतून बाहेर पडताना हर्मायनी फार खुशीत दिसते. ती खुशी मला चांगली ओळखीची आहे. चाचणीत निवड होऊन ‘टॉप बॅच’मध्ये नाव आलं की आमच्या मुलीही अशाच चेहऱ्यानं वर्गात येतात.

वर्षभरात पुढे काय होतं? पुस्तकांच्या वजनानं तिचं दप्तर शिवणीतून उसवतं. ती जेवताना वाचते, भांडते, मित्रांपासून तुटते. एका दुपारी अंकविद्येच्या पुस्तकावर डोकं टेकून ती झोपी जाते आणि तिचा एक तास बुडतो. त्याच दिवशी ती एका मुलाच्या कानाखाली वाजवते आणि भविष्यकथनाच्या वर्गातून उठून कायमची निघून जाते. शाळेचा रखवालदार हॅग्रिड तिच्या मित्रांना सांगतो की, ती माझ्याकडे येऊन बसते, रडते, तिला एकटं वाटतं. परीक्षेत एक प्राणी समोरच्याच्या मनातल्या सर्वांत मोठ्या भीतीचं रूप घेतो. हर्मायनीसमोर तो मॅक्गोनॅगल बाईंच्या रूपात उभा राहतो आणि सांगतो की, तू सगळ्या विषयांत नापास झालीस. जिनं घड्याळ गळ्यात घातलं, तीच बाई त्या मुलीच्या मनातली सर्वांत मोठी भीती होऊन बसलेली असते. शिक्षक म्हणून हा प्रसंग मला सोडत नाही.

आता अट पुन्हा वाचू. अभ्यासाखेरीज दुसऱ्या कशासाठीही नाही. त्या घड्याळानं हर्मायनीला दुपारी दोन तास झोप काढता आली असती, तळ्याकाठी बसता आलं असतं, रुसलेल्या मित्राकडे जाऊन भांडण मिटवता आलं असतं. जादू कमी पडत नव्हती, परवानगी नव्हती. काळ उलटा फिरवायची सोय एका मंत्रालयाकडे होती. ती एका मुलीला देताना त्यांनी तिच्या आयुष्यात तासांची भर घातली आणि प्रत्येक तासावर आधीच शिक्का मारून ठेवला.

शिवाय तास परत मिळाला तरी तो काढायचा शरीरालाच. घड्याळ मागे गेलं म्हणून डोळ्यांवरचा ताण मागे जात नाही. समजा, ती रोज तीन तास जादा जगत असेल, तर आठ दिवसांत एक अख्खा दिवस होतो. शाळेच्या दोनशे दिवसांत सहाशे तास, म्हणजे पंचवीस दिवस. हे पंचवीस दिवस भिंतीवरच्या कॅलेंडरमध्ये कुठेही नाहीत, पण ती ते जगली आहे, आणि तेही विश्रांतीचा एकही रविवार मध्ये न येता.

आपल्याकडे काळ थांबवल्याच्या कथा नाहीत असं नाही. जयद्रथवधाच्या दिवशी सूर्यास्ताआधी त्याला मारलं नाही तर अर्जुन अग्निप्रवेश करणार होता. तेव्हा कृष्णानं सूर्य झाकला, लोककथेत तर सुदर्शनानंच झाकला, आणि जयद्रथ निर्धास्त होऊन समोर आला. ‘हा सूर्य आणि हा जयद्रथ’ हे शब्द मराठीत त्यातूनच रुळले. पण तिथं काळाला हात लावला तो एका जीवाच्या मोलाच्या क्षणी, आणि देवानं स्वतः लावला. हॅरी पॉटरमधलं घड्याळ मला जास्त अस्वस्थ करतं, कारण तिथं एवढी मोठी शक्ती एका शाळेच्या वेळापत्रकातली अडचण सोडवायला वापरली जाते. विषय जास्त, तास कमी, मग विषय कमी करण्याऐवजी तास वाढवा. आपल्या शिक्षणव्यवस्थेला हाच उपाय सर्वांत आधी सुचतो, म्हणून मला ही गोष्ट परकी वाटत नाही.

आमच्या शाळेच्या ग्रंथालयात या मालिकेची मराठी भाषांतरं आहेत. कव्हरं निघालेली, पानं सुटलेली, म्हणजे भरपूर वाचलेली. काही वर्षांपूर्वी नववीतली एक मुलगी माझ्या पाचव्या तासाला बाकावर झोपली. हातात पेन तसंच होतं. मी तिला उठवलं आणि वर्गासमोर बोलले. काय बोलले ते इथं लिहीत नाही, पण बोलायला नको होतं. तास संपल्यावर ती माफी मागायला आली आणि मी तिला दिवसभराचं विचारलं. पहाटे साडेपाच ते सात गणित-विज्ञानाचा क्लास. साडेसात ते एक शाळा. तीन ते सहा फाउंडेशन बॅच. जाण्यायेण्यात तासभर. रात्री दोन तास गृहपाठ, तो संपायला अकरा वाजायचे. उठायचं साडेचारला. त्या गृहपाठात माझा निबंधही होता.

मी हसून म्हटलं, “अगं, तुला तर हर्मायनीचं घड्याळच हवं.” तिनं ते पुस्तक वाचलेलं होतं. ती म्हणाली, “मिळालं तर मी त्यात फक्त झोपेन, बाई.”

हे वाक्य ऐकल्यापासून मी ते पुस्तक वेगळ्या डोळ्यांनी वाचते. चौदा वर्षांच्या मुलीला जादूचा तास मिळणार असेल तर ती त्यात झोप मागते. आणि कथेतल्या मंत्रालयाच्या अटीनुसार नेमकी तीच गोष्ट तिला मिळाली नसती.

त्या दिवशी आम्ही दोघींनी वहीच्या मागच्या पानावर तिचे तास मांडले. क्लास दीड, शाळा साडेपाच, फाउंडेशन तीन, गृहपाठ दोन, प्रवास एक. बेरीज तेरा. झोप साडेपाच तास. अमेरिकेतल्या निद्रावैद्यक तज्ज्ञांच्या संस्थेनं २०१६ मध्ये तेरा ते अठरा वयाच्या मुलांसाठी आठ ते दहा तास झोप सांगितली आहे. म्हणजे तिची रोज किमान अडीच तासांची झोप कुणीतरी घेत होतं. घेणारा एकजण नव्हता. शाळा म्हणणार, आम्ही साडेपाचच तास घेतो. सकाळच्या क्लासचे सर म्हणणार, दीडच तास. मी म्हणणार, माझा निबंध वीस मिनिटांचा. प्रत्येकाचा हिशेब आपापल्या जागी चोख होता. हर्मायनीच्या बाबतीतही असंच होतं. प्रत्येक शिक्षकाला ती आपल्या एका तासापुरती दिसायची, वेळेवर आलेली, गृहपाठ पूर्ण केलेली. नऊ वाजताचे तिन्ही तास एकापाठोपाठ जगणं काय असतं, ते फक्त हर्मायनीला माहीत होतं.

मला जे म्हणायचं आहे ते एवढंच आहे: मुलाच्या दिवसाची बेरीज करण्याची जबाबदारी आज कायद्यानं कुणावरच नाही, आणि ती कुणावर तरी असायला हवी.

आपले नियम बघा. शिक्षणहक्क कायद्याच्या परिशिष्टात पहिली ते पाचवीसाठी वर्षाला किमान ८०० आणि सहावी ते आठवीसाठी किमान १००० तास अध्यापन सांगितलं आहे. ते योग्यच आहे, कारण अनेक शाळांत मुलांना पुरेसं शिकवलंच जात नव्हतं. पण तिथं ‘किमान’ आहे, ‘कमाल’ नाही. जानेवारी २०२४ मध्ये केंद्रीय शिक्षण मंत्रालयानं खासगी शिकवणीवर्गांसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. सोळा वर्षांखालच्या मुलांना प्रवेश देऊ नये, दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त शिकवू नये, फार पहाटे किंवा फार रात्री वर्ग घेऊ नयेत, शाळेच्या वेळात वर्ग घेऊ नयेत, आठवड्याची सुट्टी द्यावी. यातली एकही गोष्ट वाईट नाही. तरीही शाळेचे साडेपाच आणि क्लासचे पाच मिळून साडेदहा तास होतात, आणि ते सूचनांच्या चौकटीत बसतात. गृहपाठ आणि प्रवास वेगळे.

महाराष्ट्रात त्याच सुमाराला आणखी एक चांगला निर्णय झाला. डिसेंबर २०२३ मध्ये तत्कालीन राज्यपाल रमेश बैस यांनी लहान मुलांची झोप पुरी होत नसल्याचा मुद्दा मांडला, आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये राज्य सरकारनं पूर्वप्राथमिक ते चौथीपर्यंतचे वर्ग सकाळी नऊ किंवा त्यानंतर भरवायला सांगितले. शासनाच्या कागदावर मुलाची झोप हा विचारात घेण्यासारखा विषय म्हणून आली, याचा मला मनापासून आनंद झाला. पण चौथीनंतर काय? वयात येणाऱ्या मुलांना रात्री झोप उशिरा लागते आणि सकाळी जाग उशिरा येते, ही त्यांच्या शरीराची रीत आहे. आणि पहाटेच्या बॅचेस नेमक्या त्याच वयाच्या मुलांसाठी असतात.

याच देशात मुलांच्या तासांची बेरीज करणारा एक कायदा मात्र आहे, आणि तो वाचल्यावर मी बराच वेळ गप्प बसले होते. बालकामगारांबाबतचा १९८६ चा कायदा. २०१६ च्या दुरुस्तीनंतर चौदा वर्षांखालच्या मुलांना कामाला लावायला, घरच्या कामासारखे थोडे अपवाद सोडले तर, बंदी आहे, आणि चौदा ते अठरा वयाच्या मुलांना धोक्याची नसलेली कामंच करता येतात. त्या कामाच्या वेळेबद्दल सातवं कलम सांगतं की, सलग तीन तासांनंतर किमान एक तास विश्रांती हवी. मधली सुट्टी आणि काम मिळायची वाट बघण्याचा वेळ धरून दिवसाला सहा तासांहून जास्त नको. संध्याकाळी सात ते सकाळी आठ या वेळेत काम नको. जादा तास नकोत. आणि त्याच कलमात एक उपकलम आहे: ज्या दिवशी मुलानं एका आस्थापनेत काम केलं असेल, त्या दिवशी त्याला दुसऱ्या आस्थापनेत काम करू देऊ नये.

हे लिहिणाऱ्याला कळलं होतं की, प्रत्येक मालक आपलेच तास मोजतो आणि मूल सगळ्यांचे तास भरतं. म्हणून त्यानं आस्थापनेला मोजायचं सोडून मुलाला मोजलं. गॅरेजमध्ये काम करणाऱ्या पंधरा वर्षांच्या मुलाला कायद्यानं दिलेली ही दृष्टी अभ्यासिकेत बसणाऱ्या पंधरा वर्षांच्या मुलीला का मिळू नये?

अभ्यास म्हणजे मजुरी नव्हे, हे मला मान्य आहे. शिकण्यात आनंद आहे, तो देण्यासाठीच मी या नोकरीत आहे. पण पाठ तीच, डोळे तेच आणि झोपेची गरज तीच. पहाटे साडेपाचला बाकावर बसलेलं शरीर हे काम आहे की शिक्षण, असा भेद करत नाही.

माझ्या म्हणण्यावरचा सर्वांत मोठा आक्षेप खुद्द हर्मायनीच घेईल. घड्याळ तिच्यावर लादलेलं नव्हतं. तिला सगळं शिकायचं होतं. आणि ती ज्या जगात शिकत होती तिथं तिच्यासारख्या घरातून आलेल्यांना हिणवणारी माणसं होती, रक्तावरून शिवी देणारी. अशा मुलीला जास्त अभ्यास करायचा असतो, कारण तिला चुकायची मुभा नसते. आमच्याकडेही घरातली पहिली दहावी होणारी मुलगी असते. तिला कुणी म्हणू नये की, बाई, जरा कमी शिक. कोरडवाहू शेतावरच्या बापानं मुलीला लातूरला खोली करून देऊन क्लासला घातलं असेल, तर त्या क्लासच्या तासांवर बोलायचा मला काय अधिकार, असं मी स्वतःला अनेकदा विचारलं आहे. ‘लातूर पॅटर्न’नं शहराबाहेरच्या मुलांना जी हिंमत दिली ती खरी आहे. मुंबई-पुण्याच्या मुलांची मक्तेदारी त्यानं मोडली. हे विसरून बोलणं अन्यायाचं होईल.

पण याच मुलीच्या बाजूनं पुढे विचार करू. २०२४ मध्ये वैद्यकीय प्रवेशाच्या ‘नीट’ परीक्षेला २३ लाखांहून जास्त मुलं बसली. देशातल्या एमबीबीएसच्या जागा एक लाखाहून थोड्याच जास्त. यातल्या एकीनं रोज दोन तास वाढवले तर तिचा क्रमांक वर जाईल. सगळ्यांनी वाढवले तर क्रमांक जिथल्या तिथे राहतील, जागा तेवढ्याच राहतील, आणि २३ लाख मुलांची दोन तासांची झोप जाईल. शिवाय तास वाढवायची ही चढाओढ गरिबाला परवडत नाही. पैसेवाल्याकडे घराजवळचा क्लास, गाडी, तयार जेवणाचा डबा, वेगळी खोली असते. शेतावरच्या मुलीचे दोन तास एसटीत आणि पाणी भरण्यात गेलेले असतात. स्पर्धा तासांची झाली की ज्याच्याकडे मुळात तास कमी, तो हरतो. तासांना सगळ्यांसाठी एकच मर्यादा घातली तर त्या मुलीचं नुकसान सर्वांत कमी होईल, उलट तिला थोडी बरोबरीची जागा मिळेल.

आणि इच्छेचं म्हणाल तर, हर्मायनीला हवं होतं हे खरं, पण शाळेनं ‘हो’ म्हणायलाच हवं होतं असं त्यातून निघत नाही. मोठ्यांचं काम तिथंच होतं. मॅक्गोनॅगल बाई कठोर असल्या तरी प्रेमळ आहेत, त्यांचा हेतू वाईट नाही. हुशार मुलीला काहीही नाकारायचं नाही, या भावनेतून त्यांनी पत्रं लिहिली असणार. मीही अशीच हुशार मुलींना प्रत्येक वक्तृत्वस्पर्धेला उभी करायचे, प्रत्येक शिष्यवृत्तीला बसवायचे. तिला नाही म्हणायला शिकवणं आपल्या विषयपत्रिकेत कधीच नव्हतं.

तारखांचा एक योगायोग मला राहून राहून आठवतो. कथेच्या आतल्या कालगणनेनुसार हर्मायनीचं ते वर्ष सप्टेंबर १९९३ ला सुरू होतं. जुलै १९९३ मध्ये आपल्याकडे प्राध्यापक यशपाल समितीनं ‘ओझ्याविना शिक्षण’ हा अहवाल सरकारला दिला होता. त्याच्या मागे लेखक आर. के. नारायण यांचं राज्यसभेतलं १९८९ चं पहिलं भाषण होतं. सभागृहात पहिल्यांदा बोलायला उभं राहून त्यांनी दप्तराच्या ओझ्यानं वाकलेल्या मुलांबद्दल सांगितलं. यशपाल समिती त्याच्या पुढे गेली. तिनं म्हटलं की, दप्तराच्या वजनापेक्षा न समजण्याचं ओझं जास्त घातक आहे. पाठ केलं, पण कळलं नाही, आणि तरी पुढचा धडा आला, हे ओझं. या अहवालाला तीस वर्षं उलटून गेली. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणातही अभ्यासक्रम गाभ्यापुरता आटोपशीर करण्याची भाषा आहे, सहावी ते आठवीच्या दरम्यान दहा दिवस दप्तराविना शाळेची सूचना आहे. आणि तरीही न समजलेलं समजून देण्यासाठी शाळा, शाळेत न समजलेलं समजण्यासाठी क्लास, क्लासमध्ये न समजलेलं समजण्यासाठी ‘डाउट सेशन’, अशी तासांवर तासांची उतरंड वाढतेच आहे. न समजण्याला आपण प्रत्येक वेळी घड्याळ उलटं करून उत्तर देतो.

त्या पुस्तकाच्या शेवटी घड्याळ एकदाच अटीबाहेर वापरलं जातं. मुख्याध्यापक डम्बलडोर हर्मायनीला सुचवतात की, तीनदा फिरव. ती आणि हॅरी तीन तास मागे जातात आणि दोन निरपराध जीव वाचवतात: एक प्राणी आणि खोट्या आरोपात सापडलेला एक माणूस. वर्षभरातल्या शेकडो जादा तासांतून वाचकाच्या लक्षात राहतात ते हे तीन. त्यांत गुण नाहीत, परीक्षा नाही, ते दुसऱ्यासाठी दिलेले तास आहेत. मुलांकडे मोकळा वेळ का हवा, असं पालकसभेत कुणी विचारलं की मी हा प्रसंग सांगते. आजीजवळ बसायला, मैत्रिणीच्या घरी आजारपण असेल तर जायला, भावाला सायकल शिकवायला लागणारे तास वेळापत्रकात लिहिता येत नाहीत. वेळापत्रक गच्च भरलं की सर्वांत आधी तेच जातात.

आणि मग हर्मायनी घड्याळ परत करते. जादू न येणाऱ्या माणसांच्या अभ्यासात तिला तीनशे वीस टक्के पडलेले असतात, तरी ती तो विषय सोडते. असं आणखी एक वर्ष सोसवणार नाही, आता मला साधं वेळापत्रक हवं, असं ती सांगते. ती हुशार होती, धीट होती, तिला हे कळायला एक वर्ष लागलं. पुढच्या एका भागात मंत्रालयातला अशा घड्याळांचा सगळा साठा झटापटीत फुटून जातो, आणि लेखिकेपुरता प्रश्न मिटतो. आपल्याला तशी सोय नाही. आणि परत करणं हे मुलांवर सोडता येणार नाही, कारण आमच्या नववीतल्या मुलीकडे परत करायला काही नव्हतंच. पावत्या वडिलांच्या नावावर होत्या, वर्षाची फी भरलेली होती.

म्हणून नियम हवा, आणि तो संस्थेच्या तासांवर न राहता मुलाच्या तासांवर हवा. अठरा वर्षांखालच्या विद्यार्थ्याचे शाळा आणि शिकवणीवर्ग मिळून दिवसाचे किती तास, याला एक कमाल आकडा असावा. मला आठ पटतो, तज्ज्ञांनी दुसरा सांगितला तरी चालेल, पण आकडा असावा. क्लासनं प्रवेश देताना मुलाच्या शाळेचं वेळापत्रक मागावं आणि आपले तास शाळेला कळवावेत. सकाळी सातच्या आत आणि रात्री आठनंतर बॅच नसावी. ‘फार पहाटे’ आणि ‘फार रात्री’ असे मोघम शब्द काढून तिथं घड्याळातली वेळ लिहावी. दक्षिण कोरियातल्या सोल शहरात खासगी शिकवणीवर्गांना रात्री दहानंतर शिकवायला मनाई आहे, म्हणजे अशी वेळ लिहिणं अशक्य नाही. मोबाइलवरची व्याख्यानं रात्री बाराला कोण बघतं हे कायदा शोधू शकणार नाही, हे मला कळतं. पण तास विकणाऱ्याचं दार कुठे आहे ते त्याला माहीत असतं. आणि शाळेनं स्वतःपासून सुरुवात करावी. वर्गशिक्षकानं सत्राच्या सुरुवातीला प्रत्येक मुलाचा पूर्ण दिवस लिहून घ्यावा आणि सगळ्या विषयांचा गृहपाठ मिळून किती होतो ते बघावं. याला शासन निर्णयाची वाट बघावी लागत नाही. मी तीन वर्षांपासून करते आहे. माझे निबंध आता महिन्याला एक असतात, तोही वर्गातच लिहायचा.

त्या मुलीची आई पालकसभेला आली होती. नोकरी करून घर सांभाळणारी, मुलीनं डॉक्टर व्हावं म्हणून स्वतःच्या बांगड्या मोडलेली बाई. मी तिच्यापुढे मुलीनं लिहिलेलं ते वहीचं मागचं पान ठेवलं. तिनं पर्समधून चष्मा काढला आणि एकेका आकड्यावर बोट ठेवत मनातल्या मनात बेरीज केली.

“तेरा?” तिनं विचारलं.

“हो.”

ती काही बोलली नाही. बोट पुन्हा पहिल्या आकड्यावर नेलं आणि तिनं बेरीज नव्यानं सुरू केली.